जोते आणि उतार: घर सुगम करण्याचा खर्च

घराचे जोते किती उंच आहे, त्यावर चाकाच्या खुर्चीसाठी लागणाऱ्या उताराची लांबी ठरते आणि लांबीवर खर्च. पंढरपूर तालुक्यातील करकंब हे जुने बाजारगाव. अशा गावात घराचे जोते सहसा बुटके नसते. गावठाण पांढरीवर वसलेले, वस्त्या काळीत. काळी जमीन पावसात फुगते आणि उन्हाळ्यात भेगाळते, म्हणून वस्तीवरच्या घराचा पाया खोल आणि जोते उंच घेतात. गावठाणात कारण वेगळे असते. रस्ता काही वर्षांनी नव्याने होतो तेव्हा जुना थर उखडला जात नाही, त्याच्यावरच नवा चढतो. गल्लीची पातळी वर येते आणि पावसाचे पाणी दारात शिरते. हे पाहिलेला माणूस नवे घर बांधताना जोते दोन-अडीच फुटांवर नेतो. पाण्यापासून वाचवणारे हेच जोते अर्धांगवायू झालेल्या, मणक्याला इजा झालेल्या किंवा खुब्याचे हाड मोडलेल्या माणसाला घरात अडकवून ठेवते.

सुगमतेच्या भारतीय मार्गदर्शक तत्त्वांत उताराचे प्रमाण १:१२ धरले आहे, म्हणजे एक फूट चढायचे तर बारा फूट लांबी. दोन फुटांच्या जोत्याला चोवीस फूट उतार लागतो आणि वळण घेतले तर मध्ये पाच फुटांचा सपाट टप्पा. गावातला गवंडी मोटारसायकल चढेल असा सहा-सात फुटांचा चढ सहज काढून देतो आणि पुष्कळ घरी तोच ‘रॅम्प’ म्हणून राहतो. मोटारसायकलला इंजिन असते. खुर्चीत बसलेल्याला तो चढ स्वतःच्या हातांनी चढता येत नाही आणि उतरताना मागे धरणारा नसेल तर खुर्ची सरळ गटारावर जाते. असा चढ बांधून पैसे वाचत नाहीत, ते वाया जातात.

चोवीस फूट लांब आणि चार फूट रुंद उताराला सामान किती लागते, हे आधी समजून घ्यावे. सोयीसाठी तो घराच्या भिंतीला लागून सरळ काढला आहे असे धरू. एका बाजूला घराची भिंत असल्याने दुसऱ्याच बाजूला नऊ इंची वीट रचावी लागते. तिची सरासरी उंची एक फूट धरली तर अडीचशेच्या आसपास विटा पुरतात, पाया वेगळा. आतल्या पोकळीत धुमसून साधारण अर्धा ब्रास मुरूम बसतो. मोकळा मुरूम दबतो, म्हणून पाऊण ब्रास आणावा. वर चार इंची काँक्रीट टाकायला सात-आठ पोती सिमेंट लागते. कडेला पाइपचा कठडा, तो फॅब्रिकेशनवाल्याकडून. ओल्या सिमेंटवर खराट्याने आडव्या रेघा ओढल्या की चाक घसरत नाही आणि त्याला पैसेही पडत नाहीत. सोलापूरकडे घरोघरी दिसणारी शहाबादी फरशी वापरायची असेल तर घासलेली गुळगुळीत बाजू खाली आणि खडबडीत बाजू वर ठेवावी. यातली कोणतीही वस्तू दुर्मीळ नाही. सगळे सामान गावात मिळते आणि काम दोन गवंडी व चार मजूर आठवड्यात उरकतात. अडते ते जागेपाशी आणि पैशापाशी.

घराचा दर्शनी भाग वीस फूट असेल तर चोवीस फुटांचा उतार तिथे सरळ बसत नाही. तो दुमडावा लागतो आणि दुमडला की आठ फूट खोली लागते. गावठाणातल्या गल्लीत ती नसते. उतार रस्त्यावर आला तर ते सार्वजनिक रस्त्यावरचे अतिक्रमण ठरते. महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियमाचे कलम ५३ अशा अडथळ्यांबद्दलच आहे. म्हणून पुष्कळदा पुढच्या दारापेक्षा परसदार बरे. तिथे जागा मोकळी असते आणि जमीन थोडी उंच असण्याचाही संभव असतो. दुसरा मार्ग उंची दोन ठिकाणी वाटून घेण्याचा. ओटा दीड फूट आणि घर त्याहून अर्धा फूट वर असेल, तर खालचा उतार अठरा फुटांचा होतो आणि वरचा सहा फुटांचा उतार ओट्यावरच बसतो. ओट्याची मोकळी जागा मधला सपाट टप्पा म्हणून कामी येते. हे मोजमाप फीत धरून घरच्या माणसांनी एकदा करून ठेवले की पुढच्या प्रत्येक अर्जाला आधार मिळतो.

आता पैसा कोण देतो, हा प्रश्न. भारतात ‘राहत्या घरात दिव्यांग व्यक्तीसाठी बदल’ या नावाचे स्वतंत्र, सर्वांना लागू असे अनुदान नाही. इंग्लंडमध्ये असे अनुदान १९९० पासून आहे. स्थानिक परिषद घरी माणूस पाठवून पाहणी करते आणि ३० हजार पौंडांपर्यंतचा खर्च मंजूर करू शकते. जपानमध्ये २००० साली सुरू झालेल्या दीर्घकालीन शुश्रूषा विम्यात कठडे, उंबरे काढणे, शौचालय बदलणे यासाठी २ लाख येनपर्यंतचा खर्च धरला जातो आणि त्यातला मोठा वाटा विमा उचलतो. जर्मनीतही शुश्रूषा विमा घरातल्या बदलांना पैसे देतो. या तिन्ही देशांत घराच्या दारातला उतार हा सार्वजनिक मदतीच्या खर्चाचा भाग मानला आहे. आपल्याकडे तो घरमालकाच्या हौशीचा बांधकाम-खर्च राहिला आहे, आणि हे दुःखद आहे.

सर्वांत ठळक विसंगती खुर्चीच्या बाबतीत दिसते. केंद्र सरकारची सहाय्यक साधनांची ‘एडिप’ योजना १९८१ पासून चालू आहे. कानपूरच्या ‘ॲलिम्को’ या सरकारी कारखान्यात तयार झालेल्या खुर्च्या, तीनचाकी सायकली आणि कुबड्या तिच्यातून शिबिरे भरवून वाटल्या जातात. उत्पन्नाच्या मर्यादेत बसणाऱ्या माणसाला खुर्ची फुकट मिळते. ती खुर्ची घरात आणायला लागणारा उतार मात्र योजनेत नाही. करातही हाच भेद. चाकाच्या खुर्चीवर वस्तू व सेवा कर ५ टक्के, पण तिच्या उताराला लागणाऱ्या सिमेंटवर सप्टेंबर २०२५ पर्यंत २८ टक्के होता, तो आता १८ टक्के आहे. मग मिळालेली खुर्ची ओट्यावर उभी राहते, तिच्यावर धुणे वाळत पडते आणि माणूस आत खाटेवर.

कायदा याहून पुढे गेलेला आहे. २०१६ चा दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम १९ एप्रिल २०१७ पासून अमलात आला. १९९५ च्या कायद्यातले दिव्यांगत्वाचे ७ प्रकार वाढून २१ झाले. कलम ५ मध्ये दिव्यांग व्यक्तीला समाजात राहण्याचा हक्क सांगितला आहे. कलम ३७ प्रमाणे घरकुल व शेतजमीन वाटपात आणि दारिद्र्य निर्मूलनाच्या योजनांत ४० टक्के वा अधिक दिव्यांगत्व असणाऱ्यांना ५ टक्के आरक्षण आहे. कलम ३८ खाली फार मदतीची गरज असलेली व्यक्ती ‘उच्च सहाय्य’ मागू शकते. हे कलम गावात फार थोड्यांना ठाऊक आहे. इमारतींच्या सुगमतेची बंधने मात्र सार्वजनिक वापराच्या इमारतींना लागू होतात. राजीव रतुरी प्रकरणात ८ नोव्हेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सुगमतेचे किमान निकष बंधनकारक करायला सांगितले. त्याचा लाभ बँक, शाळा, बसस्थानक अशा जागांना. खासगी घराचा उंबरा या सगळ्यांच्या पलीकडे राहतो. म्हणून घरासाठी पैसा एका खिडकीवर मिळत नाही, तो चार-पाच ठिकाणांहून जोडावा लागतो.

या जोडणीची सुरुवात ओळखपत्रापासून होते. दिव्यांगत्वाचे प्रमाणपत्र आणि ‘यूडीआयडी’ म्हणजे वैश्विक ओळखपत्र हे स्वावलंबन संकेतस्थळावर अर्ज करून आणि शासकीय रुग्णालयात तपासणी होऊन मिळते. ते हाती नसेल तर पुढची बहुतेक दारे बंदच. अपघातानंतर दवाखान्यातून घरी येतानाच हा अर्ज करावा. हातपाय बरे होतील या आशेत वर्ष जाते आणि नेमके त्याच वर्षी घरातले बदल सर्वाधिक लागतात.

गावातला सर्वांत जवळचा पैसा ग्रामपंचायतीचा. महाराष्ट्रात ग्रामपंचायतीने आपल्या स्वतःच्या उत्पन्नातला ठरावीक वाटा दिव्यांगांसाठी खर्च करायचा असतो. पूर्वी तो ३ टक्के होता, २०१६ च्या कायद्यानंतर ५ टक्के झाला. स्वतःचे उत्पन्न म्हणजे घरपट्टी, पाणीपट्टी, बाजारातल्या जागांचे भाडे वगैरे. बाजार भरणाऱ्या मोठ्या गावाची स्थिती यात वाडीवस्तीपेक्षा बरी असते. तरीही वाटपाची पद्धत घात करते. समजा, एखाद्या ग्रामपंचायतीचे स्वउत्पन्न २० लाख रुपये आहे. तिचे ५ टक्के १ लाख झाले. गावात नोंद झालेल्या शंभर दिव्यांग व्यक्ती असतील आणि पैसे समान वाटले, तर प्रत्येकाच्या खात्यात १ हजार रुपये येतात. कोणी नाराज होत नाही, पण एकही उतार बांधला जात नाही. हीच रक्कम दरवर्षी गरजेच्या क्रमाने दोन-तीन घरांना दिली, तर दहा वर्षांत गावातल्या बहुतेक अडलेल्या घरांचे काम होईल. क्रम ठरवणे कठीण असते आणि त्यात रुसवेफुगवे होणार. ग्रामसभेत यादी वाचून, घरात अडकून पडलेल्यांना आणि शौचाला उचलून न्यावे लागणाऱ्यांना आधी घेऊन तो उघडपणे ठरवता येतो. समान वाटप न्याय्य वाटते, पण ज्याला बाहेर पडता येते आणि ज्याला येत नाही त्यांची गरज समान नसते.

उताराचे दोन भाग करून पाहणेही उपयोगाचे. घर आणि रस्ता यांच्यामध्ये बहुतेक गल्ल्यांत गटार असते. उताराचा पायथा त्याच्यावरूनच जातो. गटार, त्यावरचे झाकण आणि रस्त्याची कड हे सार्वजनिक काम आहे. ते ग्रामपंचायतीच्या वार्षिक आराखड्यात, गटाराच्या कामासोबतच घेता येते. जोत्यालगतचा भाग तेवढा घरमालकाचा. नवा काँक्रीट रस्ता होत असताना त्याची कड उताराला जुळवून घेतली, तर कधी सहा इंच उंची फुकट कमी होते, म्हणजे सहा फूट लांबी वाचते. त्यासाठी काम सुरू होण्याआधी ग्रामपंचायत अधिकाऱ्याकडे लेखी मागणी द्यावी लागते. रस्ता झाल्यावर मग कुणी तो फोडत नाही.

तालुक्याला पंचायत समिती आणि सोलापूरला जिल्हा परिषदेचा समाजकल्याण विभाग ही पुढची दोन ठिकाणे. जिल्हा परिषदेच्या सेस उत्पन्नातूनही दिव्यांगांसाठी निधी राखलेला असतो आणि त्यातून वैयक्तिक लाभाच्या योजना निघतात. कोणत्या वर्षी कोणती वस्तू किंवा काम घेतले आहे, हे बदलत असते. म्हणून जाहिरात निघाली की पाहण्यापेक्षा वर्षाच्या सुरुवातीलाच मोजमाप, गवंड्याचा खर्चाचा अंदाज आणि ग्रामसभेचा ठराव जोडून अर्ज ठेवणे चांगले. आमदार-खासदार निधीतून तीनचाकी वा खुर्ची मिळू शकते. खासगी घराच्या बांधकामाला तो पैसा चालत नाही.

सर्वांत मोठी संधी घरकुलात आहे आणि तीच सर्वाधिक वाया जाते. प्रधानमंत्री आवास योजना (ग्रामीण) मध्ये सपाट भागात १ लाख २० हजार रुपये मिळतात, घर किमान २५ चौरस मीटरचे असते आणि त्याला रोजगार हमीची मजुरी व शौचालयाचे १२ हजार जोडता येतात. अनुसूचित जातींसाठी रमाई आवास योजनाही आहे. या घरांचे हप्ते जोते, छत अशा टप्प्यांवर सुटतात. जोते उभे राहण्याआधी नकाशात उतार धरला, दार साडेतीन फुटांचे ठेवले, न्हाणी आणि घर एका पातळीत आणले, विजेची बटणे साडेतीन फुटांवर खाली घेतली, तर जादा खर्च किरकोळ असतो. हेच घर पूर्ण झाल्यावर भिंत फोडून, चौकट काढून, फरशी उखडून केले तर कितीतरी पट महाग पडते. पण घरकुलाचा ठरावीक आराखडा सगळ्यांना एकच दिला जातो, लाभार्थी दिव्यांग म्हणून निवडला गेला असला तरी. दिव्यांगत्वाच्या आरक्षणातून मिळालेल्या घराला तीन पायऱ्या असाव्यात, ही गोष्ट अभियंत्याने जोते तपासताना थांबवायला हवी.

शौचालयाचा विषय उताराहूनही निकडीचा. बाहेर जाणे एक दिवस टळते, शौचाला जाणे टळत नाही. स्वच्छ भारत अभियानाच्या १२ हजारांना दारिद्र्यरेषेवरच्या कुटुंबांतही दिव्यांग व्यक्ती पात्र धरल्या आहेत. केंद्राच्या पेयजल व स्वच्छता मंत्रालयाने २०१५ मध्ये दिव्यांगांसाठी सुगम घरगुती शौचालयांची सचित्र पुस्तिकाही काढली होती. प्रत्यक्षात परसातली खोली तीन फूट बाय चार फूट असते, दार आत उघडते आणि खाली देशी भांडे. साधारण खुर्चीची रुंदी पंचवीस इंच. ती दारातूनच परत फिरते. मग पाणी कमी प्यायचे, रात्री जेवायचे नाही, असे उपाय माणसे स्वतःवर करून घेतात आणि त्यातून मूत्रमार्गाचे विकार जडतात. खोली दोन फुटांनी रुंद करणे, दार बाहेर उघडणारे लावणे, भिंतीत स्टीलचा पाइप बसवणे आणि देशी भांड्यावर बसेल अशी भोकाची खुर्ची ठेवणे, एवढ्याने पुष्कळ भागते. राज्याच्या २०२४ च्या मुख्यमंत्री वयोश्री योजनेत ६५ वर्षांवरील, मर्यादित उत्पन्नाच्या व्यक्तीला एकदाच ३ हजार रुपये खात्यात मिळतात. कमोडची खुर्ची किंवा वॉकर त्यातून येऊ शकतो. यासाठी दिव्यांगत्वाचे प्रमाणपत्र लागत नाही, म्हणून पडून खुब्याचे हाड मोडलेल्या आजीला हा मार्ग सोपा.

उंबऱ्याबद्दल घरात हळवेपणा असतो. त्यावर हळदकुंकू वाहिलेले असते, दिवाळीत रांगोळी असते आणि तो काढायचा म्हटले की घरातली मोठी माणसे अस्वस्थ होतात. उंबरा काढून टाकण्याची गरज नसते. तीच लाकडी किंवा दगडी पट्टी फरशीच्या पातळीत बसवली की पूजाही चालू राहते आणि चाकही अडत नाही. सुताराचे अर्ध्या दिवसाचे हे काम. कोणत्याही योजनेची वाट न पाहता आधी करावे असे एकच काम निवडायचे तर ते हेच.

अपघातातून आलेल्या अपंगत्वात आणखी काही पैसा असतो. उसाच्या ट्रॉल्या, विहिरी, यंत्रे यांच्या सान्निध्यातल्या शेतकरी कुटुंबांसाठी गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजना आहे. दोन अवयव वा दोन्ही डोळे गमावल्यास २ लाख आणि एक अवयव वा एक डोळा गमावल्यास १ लाख रुपये. बँक खात्यातून वर्षाला २० रुपये कापून जाणाऱ्या प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजनेतही पूर्ण अपंगत्वाला २ लाख आणि अंशतः अपंगत्वाला १ लाख आहेत. हप्ता कापला जातो हे घरच्यांना पुष्कळदा माहीतच नसते. म्हणून पासबुकातली नोंद पाहावी. रस्त्यावरच्या अपघातात मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढे भरपाई मागताना औषधोपचार आणि बुडालेली कमाई यांच्यासोबत घरातल्या बदलांचा खर्चही मांडावा. गवंड्याचे आणि फॅब्रिकेशनवाल्याचे सही केलेले अंदाजपत्रक, घराची छायाचित्रे आणि डॉक्टरांचा गरजेचा दाखला जोडला तर ती मागणी हवेत राहत नाही. या रकमा हाती येतात तेव्हा कर्जे फेडायची असतात, लग्न तोंडावर असते. त्यातला उताराचा वाटा आधीच बाजूला काढणारी कुटुंबे थोडी.

महिन्याच्या पैशातून बांधकाम होत नाही. संजय गांधी निराधार अनुदान योजनेत दिव्यांगांचे मासिक अर्थसहाय्य २०२५ मध्ये १,५०० वरून २,५०० रुपये झाले. ही वाढ मोलाची आहे, पण ते पोटाचे पैसे आहेत. नोकरदार कुटुंबाला प्राप्तिकराच्या जुन्या पद्धतीत अवलंबून असलेल्या दिव्यांग व्यक्तीसाठी ७५ हजार आणि तीव्र दिव्यांगत्वाला १ लाख २५ हजार रुपयांची वजावट मिळते. त्यातून वाचणारा कर घरातल्या बदलाला लावता येतो. घराच्या पुढच्या खोलीत किराणा, शिवणकाम किंवा मोबाइल दुरुस्ती सुरू करायची असेल, तर दिव्यांग वित्त व विकास महामंडळाच्या स्वयंरोजगार कर्जाच्या प्रस्तावात दुकानाच्या दारातला उतारही दाखवावा. गिऱ्हाईक आणि दुकानदार दोघेही त्यावरूनच येणार असतात.

राहता राहिला लोकवर्गणीचा मार्ग. देवळाचा कळस आणि शाळेची खोली या गावांनी वर्गणीतूनच उभी केली. एकाने ट्रॅक्टरभर मुरूम टाकला, दुसऱ्याने दोन पोती सिमेंट दिले, गवंड्याने मजुरी सोडली, तर एक उतार चार दिवसांत उभा राहतो. यात एक काळजी घ्यावी लागते. कोल्हापूरच्या नसीमा हुरजूक स्वतः चाकाची खुर्ची वापरणाऱ्या. त्यांनी आपल्या आत्मचरित्राला ‘चाकाची खुर्ची’ हेच नाव दिले आणि ‘हेल्पर्स ऑफ द हँडिकॅप्ड’ या संस्थेतून दिव्यांगांना शिक्षण व रोजगार देण्याचे काम उभे केले. खुर्चीतला माणूस केवळ मदत घेणारा नसतो, हे त्यातून दिसते. म्हणून ज्याच्यासाठी उतार बांधायचा त्या माणसाला आधी विचारणे, दार कोणते, वळण कुठे, कठडा किती उंच हे त्याच्याच हाताच्या मापाने ठरवणे, याला पैसा लागत नाही. वर्गणीने बांधलेल्या उतारावर देणगीदारांच्या नावाची फरशी लावण्याची पद्धत मात्र टाळावी. ते त्या माणसाचे घर असते आणि रोज त्या फरशीवरून त्याला जावे लागते.

बांधून झालेल्या उताराला वर्षातून एकदा पाहणी लागते. मुरूम खचला की काँक्रीटला तडा जातो, पावसाळ्यात शेवाळ धरते, पाइपाच्या वेल्डिंगला गंज चढतो. दिवाळीच्या रंगकामाबरोबर हे उरकले तर खर्च थोडक्यात भागतो. पुढच्या वेळी रस्ता उंच झाला तर पायथा पुन्हा जुळवावा लागेल, म्हणून उताराचे मूळ मोजमाप घरपट्टीच्या पावत्यांबरोबर जपून ठेवावे.